दारूवाल्याची अनामत

"दारूच्या दुकानदाराचे पैसे सरकारने अडकवून ठेवलेत." हे वाक्य चार लोकांत टाकून बघा. मी ऑफिसच्या कॅन्टीनमध्ये टाकून बघितलं. एकाने डबा उघडता उघडता विचारलं, "मग? त्याने किती संसार बुडवले असतील, त्याचा हिशोब आहे का कुणाकडे?" दुसरा नुसताच हसला. तिसऱ्याने विषय बदलला. म्हणजे निकाल तिथल्या तिथे लागला.

मला हा निकाल पटत नाही, आणि दारूच्या धंद्याबद्दल मला काडीचं प्रेम नसतानाही पटत नाही. म्हणून हा लेख. मी वकील नाही, इतिहासाचा प्राध्यापक तर नाहीच. आठवडाभर दुसऱ्यांचा कोड दुरुस्त करतो आणि शनिवारी असल्या भलत्याच गोष्टी वाचत बसतो. पण अनामत रक्कम या एका रुक्ष शब्दामागे गेली दीड-दोनशे वर्षं सरकार आणि धंदेवाला यांची जी रस्सीखेच चाललीय ती कळल्यापासून मला राहवेना.

सुरुवात शब्दापासूनच करू. अनामत हा मूळचा अरबी 'अमानत'. मराठीत येताना 'म' आणि 'न' यांनी जागा बदलल्या. अर्थ काय? विश्वासाने दुसऱ्याकडे ठेवलेली वस्तू. हिंदीवाले अजून 'अमानत में खयानत' म्हणतात ते हेच. म्हणजे अनामत ज्याच्याकडे ठेवली त्याची ती होत नाही, तो फक्त सांभाळणारा. सरकारी कागदावर 'अनामत रक्कम' असं छापलेलं असतं तेव्हा छापणाऱ्याला बहुतेक हे ठाऊक नसतं.

आता सरकारला अशी रक्कम घ्यावीशी का वाटली? त्यासाठी मक्त्याकडे जावं लागतं. वसुलीचं काम दुसऱ्यावर सोपवायचं आणि आपल्याला ठरलेली रक्कम आधीच पक्की करून घ्यायची, ही युक्ती इंग्रजांनी शोधलेली नाही. पेशवाईत कमाविसदार नेमताना त्याच्याकडून 'रसद' घ्यायचे. रसद म्हणजे वसुलाच्या अंदाजावर आगाऊ घेतलेली रक्कम. ती त्याने पुढे वसुलातून व्याजासकट वळती करून घ्यायची. व्याजासकट, हे लक्षात ठेवा. दुसऱ्या बाजीरावाच्या काळात तर जास्त बोली लावेल त्याला महाल मक्त्याने देण्यापर्यंत मजल गेली, आणि मग मक्तेदाराने रयतेला कसं पिळलं ते वेगळं सांगायला नको.

१८१८ नंतर कंपनी सरकारने जमीन महसूल हळूहळू आपल्या हाती घेतला, पण दारूच्या बाबतीत मक्त्याची पद्धत तशीच ठेवली. (आबकारी हा फारसी शब्द, अक्षरशः 'पाण्याचं काम'. दारूला पाणी म्हणणारे आपणच पहिले नाही तर.) एखाद्या गावात किंवा तालुक्यात दारू गाळायचा आणि विकायचा हक्क लिलावाने द्यायचा, वर्षाचा आकडा ठरवून घ्यायचा आणि बाकी डोळे मिटून बसायचं. किती गाळली, कुणी प्यायली याच्याशी सरकारला कर्तव्य नाही. मक्तेदार हप्ता भरतोय ना, मग झालं.

मग आला १८७८ चा मुंबई आबकारी कायदा. हा मोठा बदल. गावोगावच्या भट्ट्या बंद करून मोजक्या ठिकाणी, सरकारी नजरेखाली दारू गाळायची आणि बाहेर पडणाऱ्या प्रत्येक गॅलनवर कर घ्यायचा, अशी ती योजना. उरणला मोहाच्या दारूच्या पारशी मालकांच्या भट्ट्या होत्या, त्यांची भरभराट याच पद्धतीत झाली. ताडीच्या झाडांवरचा कर वाढला तसे भंडारी बिथरले आणि त्यांनी झाडं छेदायचं काम बंद ठेवलं. १८९२ मध्ये तर ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांसाठी मोहाच्या फुलांवरच कायदा आला. ज्या फुलांवर आदिवासींचं अर्धं पोट चालायचं ती फुलं बाळगणं हाच गुन्हा, कारण त्यातून घरगुती दारू निघते आणि सरकारचा कर बुडतो. म्हणजे दारू वाईट म्हणून बंदी नाही, तर बिनकराची दारू वाईट म्हणून बंदी! जोतीराव फुले पुणे नगरपालिकेचे सदस्य होते तेव्हा, १८८० मध्ये, त्यांनी शहरातली दारूची दुकानं वाढताहेत याविरुद्ध पालिकेला पत्र लिहिलं. सरकार एका हाताने नीती शिकवतं आणि दुसऱ्या हाताने दुकानं वाढवतं, हा विरोधाभास त्या माणसाला तेव्हाच दिसला होता.

असो. मुद्दा असा की मक्ता असो वा परवाना, सरकारला एकच भीती: बोली लावणारा लिलावाच्या जोशात मोठा आकडा बोलून बसेल, धंदा चालला नाही की पळून जाईल, मग आपला आकडा कोण भरणार? या भीतीवरचा उपाय म्हणजे अनामत. बोली थांबली की काही रक्कम जागेवर ठेव, ती आमच्याकडे राहील. वर्ष नीट पार पडलं तर परत. नाही पडलं तर त्यातून आम्ही आमचं वळतं करून घेऊ. कल्पना चांगलीच आहे. घरमालक भाडेकरूकडून डिपॉझिट घेतो तशी. आणि पुण्यात भाड्याने राहिलेल्या कुणालाही पुढचा प्रश्न विचारावा लागत नाही: घर सोडताना ते डिपॉझिट परत मिळतं का? :-)

माझ्या धंद्यातली उपमा द्यायची तर, सी लँग्वेजमध्ये मेमरी मागून घ्यायला एक फंक्शन असतं आणि परत करायला दुसरं. मागून घेणं कधी कुणी विसरत नाही, कारण त्याशिवाय प्रोग्राम पुढेच जात नाही. परत करणं विसरलं तर मात्र लगेच काहीच होत नाही. प्रोग्राम आरामात चालतो. मेमरी गळत राहते. सरकारी अनामतीचं असंच आहे. भरल्याशिवाय लायसन मिळत नाही, म्हणून भरण्याची पद्धत चोख. परत करण्यावाचून मात्र सरकारचं काहीच अडत नाही.

आता कायदा बघू, कारण खरी मजा तिथे आहे. भारतीय करार कायदा १८७२ चा. त्यातलं कलम ७४ हे मला वाचताना फार आवडलं. (कायद्याचं कलम आवडणं हे वय झाल्याचं लक्षण असावं.) इंग्लंडमध्ये करार मोडला तर किती द्यायचं हे आधी लिहून ठेवलेलं असलं की कोर्टात वाद व्हायचा: ही रक्कम नुकसानीचा प्रामाणिक अंदाज आहे, की धाक दाखवायला घातलेला दंड आहे? अंदाज असेल तर पूर्ण द्या, दंड असेल तर देऊ नका. यावर तिथे पिढ्यान् पिढ्या खटले चालले. आपल्या कायद्याने ही भानगडच मोडीत काढली. लिहिलेली रक्कम काहीही असो, ती फक्त कमाल मर्यादा. तिच्या आत जी वाजवी भरपाई असेल तेवढीच मिळेल. बस. वसाहतीच्या कायद्यात मूळ देशापेक्षा शहाणपण असू शकतं याचं हे उदाहरण.

पण याच कलमाला एक अपवाद आहे, आणि तो सरकारच्या कामाचा आहे. कायद्याने किंवा सरकारच्या हुकमाने एखादं सार्वजनिक कर्तव्य पार पाडण्यासाठी कुणी बंधपत्र लिहून दिलं आणि ते मोडलं, तर त्यातली सगळीच्या सगळी रक्कम द्यावी लागते. आता हे वाचून कुठलाही खातेप्रमुख खूश होईल. पण खाली लगेच खुलासा जोडलाय: सरकारशी करार केला म्हणजे आपोआप सार्वजनिक कर्तव्य अंगावर घेतलं असं होत नाही. हा खुलासा कुणी सुचवला त्याला माझा नमस्कार. समोर सरकार आहे एवढ्यानेच वेगळा नियम लागत नाही, हे त्याने १९व्या शतकातल्या कायद्यात लिहून ठेवलं.

इथे आपल्या मराठीतली एक जोडी उपयोगी पडते: विसार आणि अनामत. घर घेताना विसार देतात तो किमतीचाच भाग असतो, आणि खरेदीदार फिरला तर विसार बुडतो हे खेड्यातल्या माणसालाही माहीत असतं. अनामत मात्र कशाचीच किंमत नसते. ती वेगळी ठेवलेली असते. १९६३ मध्ये सुप्रीम कोर्टापुढे फतेहचंद विरुद्ध बाळकिशनदास हा दिल्लीतल्या बंगल्याच्या व्यवहाराचा खटला आला. त्यात १,००० रुपये विसाराचे होते आणि वर २४,००० किमतीपोटी दिलेले. व्यवहार फिसकटल्यावर विकणाऱ्याने सगळे २५,००० जप्त केले. कोर्ट म्हणालं, १,००० ठेवा, तो विसार. २४,००० नुसते करारात लिहिलंय म्हणून जप्त करता येणार नाहीत, नुकसान दाखवावं लागेल. निकाल लिहिणारे न्यायमूर्ती जे. सी. शहा. आणीबाणीनंतर ज्यांच्या नावाने शहा आयोग गाजला, तेच.

या शहांपुढेच सहा वर्षांनी जो खटला आला तो माझा सर्वांत लाडका. मौला बक्ष विरुद्ध भारत सरकार. दारूचा नाही, बटाट्याचा.

फेब्रुवारी १९४७. मौला बक्ष नावाच्या ठेकेदाराने संयुक्त प्रांतातल्या लष्कराच्या मुख्यालयाला बटाटे पुरवायचा ठेका घेतला आणि १०,००० रुपये अनामत ठेवली. पुढच्याच महिन्यात कोंबड्या, अंडी आणि मासे पुरवायचा दुसरा ठेका, त्याची अनामत ८,५००. साल बघा. ठेका घेतला तेव्हा इंग्रजांचं राज्य, तो चालू असतानाच फाळणी. माल वेळेवर आणि पुरता येईना. वर्ष संपायच्या आत सरकारने दोन्ही ठेके रद्द केले आणि १८,५०० रुपये जप्त करून टाकले. करारात तशी अटच होती.

मौला बक्षने लखनौच्या दिवाणी कोर्टात दावा लावला. खालच्या कोर्टाने म्हटलं, ठेका रद्द करणं बरोबर, पण अनामत जप्त करणं बरोबर नाही, कारण सरकारने नुकसान सिद्धच केलेलं नाही. सरकार अपिलात गेलं. अलाहाबाद हायकोर्टाने सरकारची जप्ती बहुतेक मान्य केली आणि मौला बक्षच्या हातावर टेकवले किती? ४१६ रुपये २५ पैसे. माणूस सुप्रीम कोर्टात गेला. १९ ऑगस्ट १९६९ ला निकाल लागला. न्यायमूर्ती शहांनी जे विचारलं त्याचा मतितार्थ एवढाच: याने बटाटे आणले नाहीत म्हणजे तुम्ही ते दुसरीकडून घेतले असणार. काय भावाने घेतले? मासे, अंडी, कोंबड्या काय दराने घेतल्या? हा पुरावा तुमच्या दप्तरात असायला हवा. तो तुम्ही आणलाच नाहीत. मग नुकसान झालं हे कशावरून? १८,५०० रुपये परत, ३ टक्के व्याजासह.

२२ वर्षं लागली. बटाट्याच्या ठेक्याच्या अनामतीसाठी. या निकालाने एक गोष्ट पक्की केली: जिथे नुकसान मोजता येतं तिथे ते मोजूनच दाखवलं पाहिजे. अनामत तुमच्याकडे आहे एवढ्यावर ती तुमची होत नाही. २०१५ मध्ये दिल्ली विकास प्राधिकरणाविरुद्धच्या कैलाशनाथ खटल्यात सुप्रीम कोर्टाने हीच गोष्ट पुन्हा खणखणीत सांगितली.

मग दारूवाल्यांचं घोडं कुठे अडलं? बटाटा विकायचा हक्क प्रत्येकाला आहे, दारू विकायचा नाही. फरक हा. १९५४ मध्ये कुवरजी भरुचा नावाच्या ठेकेदाराने अजमेरच्या दारू दुकानांच्या लिलावाविरुद्ध दाद मागितली. धंदा करायचा मूलभूत हक्क घटनेने दिलाय ना, मग लिलाव कशाला? सुप्रीम कोर्टाने सांगितलं की दारूसारख्या धंद्यावर सरकार वाटेल ती बंधनं घालू शकतं, पूर्ण बंदीसुद्धा. या वाटेने पुढे जाता जाता 'विशेषाधिकार' हा शब्द आला. दारूचा धंदा हा मुळात सरकारचा, तो सरकार तुम्हाला किंमत घेऊन देतं.

शब्दाची ताकद बघायची असेल तर १९७० आणि १९७५ चे दोन निकाल शेजारी शेजारी ठेवून वाचावेत. १९७० मध्ये मध्य प्रदेशातल्या बिमलचंद्र बॅनर्जी खटल्यात सुप्रीम कोर्ट म्हणालं, ठेकेदाराने जी दारू उचललीच नाही तिच्यावर अबकारी कर लावता येणार नाही. वाजवी आहे. पाच वर्षांनी राजस्थानातल्या पन्नालाल खटल्यात तोच प्रश्न दुसऱ्या कपड्यांत आला. इथे ठेकेदारांनी वर्षाची एक हमी रक्कम कबूल केली होती, विक्री तेवढी झाली नाही, सरकारने फरक मागितला. ठेकेदार म्हणाले, हा न उचललेल्या दारूवरचाच कर आहे. कोर्ट म्हणालं, नाही, ही विशेषाधिकाराची किंमत आहे. भरा. दोन्हीकडे ठेकेदाराच्या खिशाला पडणारं भोक तेवढंच, नाव बदललं की निकाल बदलला. (व्हेरिएबलचं नाव बदलून बग नाहीसा करता आला असता तर आमची प्रमोशनं केव्हाच झाली असती.)

त्याच वर्षी पंजाबातल्या हरशंकर खटल्याचा निकाल आला. १९६८-६९ सालासाठी दारूच्या गुत्त्यांचे लिलाव झाले, बोली चढली, धंदा बसला, पैसे भरता येईनात. मग ठेकेदार हायकोर्टात गेले की मुळात अशी फी घ्यायचा सरकारला अधिकारच नाही. निकाल लिहिला यशवंत विष्णु चंद्रचूड यांनी. आपल्या पुण्याचे, पुढे सरन्यायाधीश झाले ते. त्यांचं म्हणणं साधं होतं: डोळे उघडे ठेवून करार केलात, फायदा झाला असता तर तो खिशात घातला असता, मग तोट्याच्या वेळी अटी बेकायदा कशा? मला हे शंभर टक्के पटतं. लिलावात उड्या मारायच्या आणि नंतर घटना काढायची, याला अर्थ नाही.

पण म्हणूनच मला वाटतं, हरशंकरचा निकाल अनामतीच्या बाबतीत दुकानदाराच्या बाजूचा आहे. करार दोघांना बांधतो. फी, हमी, विशेषाधिकाराची किंमत, सगळं सरकारचं. मान्य. लायसन नाकारा, रद्द करा, धंदाच बंद करा, तेही मान्य. पण अनामत या यादीत कुठे बसते? ती कशाचीच किंमत नाही. तिच्यावर सरकारचा हक्क येणार तो बाकी असेल तरच, आणि बाकी असेल तेवढाच. दारू विकायचा हक्क सरकारचा असेल, पण ठेवलेले पैसे त्या माणसाचे. धंदा बदनाम म्हणून पैसे बदनाम होत नाहीत. १९७८ च्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून काढला खरा, पण कायद्याच्या अधिकाराशिवाय कुणाची मालमत्ता काढून घेता येणार नाही हे कलम ३००-अ मध्ये ठेवलंच. त्यात 'दारूवाले सोडून' असं लिहिलेलं नाही.

आणि हा प्रश्न आपल्याकडे वरचेवर येतो, कारण दुकान बंद पडायला दुकानदार बुडायलाच पाहिजे असं नाही. अनेकदा सरकारच बंद करतं. १ ऑगस्ट १९३९ ला बाळासाहेब खेरांच्या मंत्रिमंडळाने मुंबई शहरात दारूबंदी आणली. खातं होतं डॉ. गिल्डर यांच्याकडे, जे स्वतः पारशी, आणि पारशी समाजातल्या कित्येकांची रोजीरोटी ताडी-दारूवर. ६ एप्रिल १९५० पासून सबंध मुंबई राज्यात बंदी. १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा बाळसारा खटल्यात १९५१ मध्ये बहुतांशी टिकला. पुढे बंदी सैल होत गेली, १९७३ मध्ये देशी दारूचे नियम आले. पण कायदा तोच राहिला. आजही महाराष्ट्रात दारू विकायचं लायसन मिळतं ते दारूबंदीच्या कायद्याखाली. परदेशी मित्राला हे समजावून सांगायचा प्रयत्न करून बघा.

वर्धा १९७५, गडचिरोली १९९३, चंद्रपूर २०१५, तिथली बंदी २०२१ मध्ये उठली. डिसेंबर २०१६ मध्ये सुप्रीम कोर्टाने महामार्गापासून ५०० मीटरच्या आतली दुकानं बंद करायला सांगितली, मार्च २०१७ मध्ये छोट्या गावांसाठी ते अंतर २२० मीटरवर आणलं. आणि आपल्याकडची खास गोष्ट म्हणजे आडवी बाटली. २००८ च्या आदेशाप्रमाणे गावातल्या किंवा वॉर्डातल्या २५ टक्के मतदारांनी किंवा महिला मतदारांनी मागणी केली की गुप्त मतदान होतं. मतपत्रिकेवर दोन चित्रं, उभी बाटली आणि आडवी बाटली. निम्म्याहून जास्त मतं आडव्या बाटलीला पडली की दुकान बंद. मला ही फार सुंदर व्यवस्था वाटते. ज्यांनी सोसलं त्यांच्या हातात शिक्का.

माझ्या एका मित्राच्या वडिलांचं देशी दारूचं दुकान असंच गेलं. २०१६ ची गोष्ट. गाव कुठलं ते सोडा. काका तसे अबोल, कपाळाला बुक्का लावणारे, स्वतः थेंबालाही न शिवणारे. दुकान त्यांच्या वडिलांकडून आलेलं. मतदानाच्या दिवशी घरातून मित्राची आई, आजी आणि वहिनी, तिघी जाऊन आल्या. कुणी कुठल्या बाटलीवर शिक्का मारला हे काकांनी विचारलं नाही आणि कुणी सांगितलंही नाही. दुकान बंद झालं. काकांनी उरलेल्या मालाचा हिशोब दिला, लायसन जमा केलं, आणि अनामत परत मिळावी असा अर्ज केला.

अर्जाला उत्तर नाही. मग सांगितलं, थकबाकी नसल्याचा दाखला आणा. आणला. मग विक्रीकराचा आणा. आणला. साहेबांची बदली झाली. नव्या साहेबांनी मूळ चलन मागितलं. काकांनी ते तीस वर्षं देव्हाऱ्याखालच्या पेटीत ठेवलेलं, ते दिलं, तर ट्रेझरीकडून पडताळणी आली नाही म्हणून फाईल बसली. मित्र म्हणाला, "अरे, बाबा आता जातच नाहीत. तिथला शिपाई सगळ्यांसमोर म्हणाला, दारूचे पैसे, पचतील का काका?" तेव्हा मला पहिल्यांदा राग आला. मी त्यांना माहिती अधिकाराचा अर्ज लिहून दिला. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप, तीन प्रश्न: अर्ज कुठल्या टेबलावर आहे, किती दिवसांपासून, आणि रक्कम कुठल्या लेखाशीर्षात जमा आहे.

तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर आलं आणि मला एक नवंच जग दिसलं. सरकारी हिशोबात प्रत्येक पैशाला चार आकडी शीर्ष असतं. राज्य उत्पादन शुल्काचं उत्पन्न जमा होतं ००३९ मध्ये. ते राज्याच्या एकत्रित निधीत जातं, म्हणजे सरकारचं स्वतःचं. अनामत जमा होते ८४४३ मध्ये, त्याखाली १०३, सुरक्षा ठेवी. हे शीर्ष एकत्रित निधीत नाहीच, ते लोकलेख्यात येतं. घटनेच्या कलम २६६ ने हे दोन कप्पे वेगळे केलेत: एक सरकारच्या पैशांचा, दुसरा सरकारकडे असलेल्या दुसऱ्यांच्या पैशांचा. म्हणजे ज्या वादावर मी एवढी पानं लिहिली त्याचं उत्तर सरकारच्या वहीत सरकारनेच लिहून ठेवलंय. चार आकड्यांत.

आणि या व्यवस्थेला एक गळती आहे. ट्रेझरीच्या नियमांप्रमाणे तीन पूर्ण हिशोबी वर्षं कुणी न मागितलेली ठेव ३१ मार्चला लॅप्स होते आणि सरकारी जमेत वर्ग होते. दुसऱ्यांच्या कप्प्यातून सरकारच्या कप्प्यात. काकांच्या अर्जाची मुदत कुणी मोजली, अर्ज म्हणजे मागणी नव्हे का, हे विचारायचं कुणाला? त्यांची रक्कम लॅप्स झाल्याचं उत्तरात एका ओळीत होतं. काका म्हणाले, "गेले म्हणायचे."

गेले नव्हते. लॅप्स होणं म्हणजे बुडणं नव्हे. तो नुसता वहीतला बदल आहे, देणं संपत नाही. महालेखापालांच्या कार्यालयाकडून पडताळणी आणि मंजुरी घेऊन ती रक्कम परत करता येते, त्यासाठी खात्याने प्रस्ताव पाठवावा लागतो. तो पाठवायला आणखी दोन स्मरणपत्रं लागली. पैसे आले २०२२ मध्ये. बिनव्याजी. काकांनी त्यातून काही वाटलं नाही, देवळाला दिलं नाही, घराच्या पत्र्याचं काम करून घेतलं.

व्याजाबद्दल मित्राने विचारलं होतं. मी त्याला पेशव्यांच्या रसदेची गोष्ट सांगितली तर तो म्हणाला, "मग तिकडे अर्ज करू का?"

तुमच्या घरात, ओळखीत असं जुनं लायसन कुणाचं असेल, दारूचंच नव्हे, रेशन दुकानाचं, रॉकेलचं, ठेकेदारीचं, तर आधी मूळ चलन शोधा. त्यावरचा चलन क्रमांक, तारीख आणि ट्रेझरीचं नाव उतरवून घ्या, झेरॉक्स काढून ठेवा, शाई उडते. राष्ट्रीय बचत पत्र तारण ठेवलं असेल तर ते पोस्टाच्या कुठल्या शाखेचं आहे ते बघा, ते आधी तारणमुक्त करून घ्यावं लागतं. परताव्याचा अर्ज लायसन जमा केल्यावर लगेच द्या आणि पोच घ्या. त्या पोचेवरची तारीख हाच तीन वर्षांच्या मोजणीवरचा तुमचा पुरावा. आणि कुणी लॅप्स झालं म्हणून परत पाठवलं तर लॅप्स झाल्याचं वर्ष लेखी मागा, महालेखापालांकडे जाणाऱ्या प्रस्तावात ते लिहावंच लागतं.